गल्ल्यातला वाटा

सावजी भोजनालयाला मुख्यालय नाही. नागपूरच्या हलबा कोष्टी विणकरांच्या घरातला हा रस्सा हातमागाचे दिवस सरू लागल्यावर पोटापाण्यासाठी रस्त्यावर आला आणि बघता बघता आमच्या सौंसर-पांढुर्ण्यापर्यंत पोचला. पाटी सगळ्यांची एकच, मसाला मात्र ज्याचा त्याचा. त्या नावासाठी कुणी कुणाला पैसा दिला नाही, कुणी करारावर सही केली नाही. एका सावजीकडे जीभ पोळली म्हणून दुसऱ्या सावजीला दोष देण्याची सोयही नाही.

फ्रँचायझीचा धंदा याच्या बरोबर उलट चालतो. धीरज गुप्तांनी २००१ मध्ये मालाड स्टेशनजवळ जम्बोकिंग काढलं, तर व्यंकटेश अय्यर यांनी २००४ मध्ये कल्याणहून गोली वडापावची सुरुवात केली. दोघांनीही हातगाडीवरचा पदार्थ उचलून त्याला दुकान, गणवेश आणि ठरलेली चव दिली. त्यातही मला गोलीचं डोकं जास्त आवडतं. वडा हाताने थापला की दर दुकानी चव बदलणार, नगाचा हिशेबही लागणार नाही. म्हणून त्यांनी वडे यंत्रावर करून गोठवून पाठवायला सुरुवात केली. दुकानात उरलं काय? डीप फ्रीझर, तळणी आणि बिलिंगचं मशीन. आचारी रुसून गावाला गेला तरी दुकान बंद पडत नाही. ज्यानं कधी हॉटेल चालवलंय, त्याला या एका गोष्टीचं मोल सांगायला नको. मोठ्या शहरांच्या पलीकडच्या गावांकडेही त्यांनी आधीच लक्ष दिलं होतं. आता चहाचंही तेच झालंय. इंदूरला २०१६ मध्ये सुरू झालेला चाय सुट्टा बार कुल्हड घेऊन देशभर फिरला.

ही वाढ मात्र कुणाच्या पैशावर होते? दुकानाची खोली, फर्निचर, फ्रीझर, पोरांचे पगार, सगळं घेणाऱ्याचं. कंपनी देते नाव, माल आणि नियमांचं पुस्तक. त्या बदल्यात आधी एकरकमी फी आणि पुढे दरमहा रॉयल्टी.

ऑक्टोबर २०२३ मध्ये पांढुर्णा जिल्हा झाला. तहसिली दोनच, पांढुर्णा आणि सौंसर, पण जिल्हा म्हणजे जिल्हा. तेव्हापासून पोरांच्या तोंडी फ्रँचायझीचा विषय आहे. माझ्या चुलतभावाचा मुलगा परवा म्हणाला, "काका, आता आपल्या इकडं ब्रँड चालन. टपरीवर कोन बसते?" त्याचा बाप बोरगावच्या कारखान्यातून नुकताच निवृत्त झालाय, म्हणजे भांडवल कुठलं ते कळलंच.

मी त्याला कागद-पेन्सिल घेऊन बसवलं. आकडे समजुतीपुरते धरले. महिन्याची विक्री तीन लाख. कंपनीकडून येणारा माल निम्म्याचा, दीड लाख. भाडं, पगार, वीज, गॅस मिळून पंच्याऐंशी हजार. सहा टक्के रॉयल्टी म्हणजे अठरा हजार. हाती सत्तेचाळीस हजार. पोरगं खुश. मग म्हटलं, आता आषाढ धर. पेरणीत पैसा मातीत गेलेला, कापूस दिवाळीच्या तोंडावर, आंबिया बहाराची संत्रीही तेव्हाच. विक्री उतरली एक लाख ऐंशी हजारांवर. माल नव्वद हजारांचा. भाडं-पगार मात्र तेच पंच्याऐंशी हजार, कारण घरमालकाला आषाढ-श्रावण कळत नाही. उरले पाच हजार. कंपनीची रॉयल्टी दहा हजार आठशे. म्हणजे त्या महिन्यात हा पाच हजार आठशेने खड्ड्यात आणि कंपनी तरीही नफ्यात, कारण रॉयल्टी गल्ल्यावर असते, नफ्यावर नसते. शिवाय मालातही कंपनीचं सुटतंच.

आमच्याकडचा साधा नाश्तेवाला अशा दिवसांत काय करतो? एक पोरगा कमी करतो, आलूबोंड्याचा घाणा अर्ध्यावर आणतो, श्रावणात साबुदाण्याची उसळ लावतो, शनिवारी जामसावळीच्या मारुतीला जाणाऱ्या गर्दीपुरती कढई मोठी करतो. फ्रँचायझीवाल्याला यातलं काही परवानगीशिवाय करता येत नाही. चव ठरलेली असते, म्हणूनच तर तो पैसे भरतो. आणि पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीवर गोटमारीची दगडफेक सुरू झाली की दुकानाच्या काचेच्या दर्शनी भागाचं काय करायचं, हे मुंबईत छापलेल्या पुस्तकात असण्याचा प्रश्नच नाही.

असं असूनही मी या धंद्याच्या विरोधात नाही, आक्षेप जोखमीच्या वाटणीला आहे. अमूलसारखी संस्था पार्लरवाल्याकडून रॉयल्टी घेत नाही, विक्रीवर कमिशन देते. मालक त्यातही आपलेच पैसे घालतो, पण मंदीत त्याच्या गल्ल्यावर दुसऱ्याचा हात नसतो. रे क्रॉकने १९५५ पासून मॅकडोनाल्ड्स पसरवलं, तेव्हा विक्रीवरचा त्याचा वाटा दोन टक्क्यांहूनही कमी होता. पुढे त्याच्या कंपनीने जागा स्वतःच्या ताब्यात घेऊन त्या दुकानदारांना भाड्याने द्यायला सुरुवात केली आणि खरा पैसा तिथे झाला. तरी जागेची जोखीम निदान कंपनीच्या डोक्यावर होती. इथे ती आमच्या पोरांच्या बापांवर आहे.

अमेरिकेत फ्रँचायझी विकण्याआधी कंपनीला एक जाडजूड दस्तऐवज द्यावा लागतो. गेल्या तीन वर्षांत किती दुकानं उघडली, किती बंद पडली, ते त्यात असतं. अलीकडे बाहेर पडलेल्यांचे संपर्कही असतात. सही आणि पैसे त्यानंतर किमान चौदा दिवसांनी. आपल्याकडे फ्रँचायझीसाठी वेगळा कायदा नाही. सगळं भागतं ते १८७२ च्या करार कायद्यावर, म्हणजे कागदावर जे लिहिलंय त्यावर. पण बंद दुकानांची यादी मागायला कायदा कशाला हवा? पुतण्याने ती मागितली. चालू दुकानांचा रंगीत नकाशा लगेच आला. बंद पडलेल्यांबद्दल उत्तर आलं, आधी बुकिंगची रक्कम भरा, मग बोलू. त्याने अजून भरलेली नाही. बाप मात्र रोज विचारतोय, कधी भरतोस?