निकाल लागला; आता कोणते दार?



कळवण तालुक्यातल्या बैठकीत कांद्याच्या भावाखालोखाल विषय निघतो तो कोर्टाचा. सामाईक विहिरीची पाळी, बांधावरची वाट, भावाभावांतली वाटणी. निकाल विरुद्ध गेला की पारावरचे वकील एकच सल्ला देतात, "थेट हायकोर्टात जा!" हे वकील फी घेत नाहीत, म्हणून फार महाग पडतात.

कांद्याची पात वाळू लागली की शहाणा शेतकरी लगेच पंप पाठीवर घेत नाही. पात उलगडून करपा आहे की फुलकिडे, ते आधी बघतो. कोर्टाचा कागदही असाच आधी वाचायचा असतो.

दावा चालू असताना निशाणी ५ च्या अर्जावर ताकीद मिळाली किंवा नाकारली, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४३ खाली अपील होते. तालुका कोर्टाचा आदेश असेल तर ते जिल्हा न्यायालयात, ३० दिवसांत. त्यात फैसला होतो तो ताकिदीपुरता. मूळ दावा खाली चालूच असतो, त्याची तारीख चुकवू नका.

दाव्याचाच हुकूमनामा झाला तर कलम ९६ चे पहिले अपील, मुदत तीच. इथे साक्षीपुरावा पुन्हा तपासला जातो. पुढे हायकोर्टात कलम १०० चे दुसरे अपील आहे, पण त्याला कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न लागतो. विहीर कोणाच्या आजोबांनी खोदली हा वाद बहुधा जिल्ह्यातच संपतो. पैसा आणि तयारी हायकोर्टासाठी राखून ठेवणारे इथेच फसतात.

निकाल एकतर्फी असेल तर त्याच कोर्टात आदेश ९ नियम १३ चा अर्ज करता येतो. मुदत ३० दिवस. समन्स रीतसर बजावलेच नसेल तर निकाल कळल्यापासून. पुनर्विलोकन मात्र न्यायाधीशांशी हुज्जत घालण्यासाठी नाही. उघड दिसणारी चूक किंवा शोधूनही आधी न सापडलेला पुरावा, अशा कारणांसाठी ते आहे.

उरले किरकोळ आदेश. मोजणीला कोर्ट कमिशनर नाकारला, यावर अपील नाही. जो आदेश उलट झाला असता तर दावाच निकाली निघाला असता, तेवढ्यावरच २००२ च्या दुरुस्तीनंतर फेरतपासणी उरली आहे. रिटचे म्हणाल, तर दिवाणी कोर्टाच्या न्यायिक आदेशावर अनुच्छेद २२६ ची रिट चालत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ साली ठरवले. अनुच्छेद २२७ ची देखरेख आहे, पण ती विरळाच वापरायची, हेही त्याच न्यायालयाने २०१० साली मुंबईच्या एका घरमालक-भाडेकरू वादात बजावले होते. आमचे मत असे की अशा आदेशांपैकी बरेचसे नोंदवून ठेवावेत. त्यांचा निकालावर परिणाम झाला असेल तर कलम १०५ प्रमाणे शेवटच्या अपिलात तो मुद्दा घेता येतो.

वाटेचा आदेश तहसीलदाराने मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली दिला असेल तर त्यावर अपीलच नाही. जिल्हाधिकाऱ्यांकडे फेरतपासणी आहे.

निकालाच्या दिवशीच नकलेचा अर्ज टाका. नक्कल मिळायला लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात, पण अर्जच उशिरा केला तर ते आधीचे दिवस तुमच्याच खात्यावर. आणि अपील दाखल झाले म्हणून हुकूमनामा थांबत नाही. स्थगितीचा वेगळा अर्ज द्यावा लागतो. तो दिला नाही तर समोरचा दरखास्त लावतो, आणि अपिलाची पहिली तारीख यायच्या आत बेलिफ बांधावर उभा असतो.