नाक जोडणारा कुंभार

आमच्या मालेगावच्या (वाशिम जिल्ह्यातल्या, नाशिकच्या नव्हे) नातेवाइकांच्या ग्रुपवर दर काही महिन्यांनी एक जुनं चित्र येतं. कपाळावर मोठा व्रण असलेला माणूस आणि त्याचं नवं नाक. खाली ठरलेला मजकूर: ही सुश्रुताची प्लास्टिक सर्जरी, इंग्रज आपल्याकडूनच शिकले, अभिमान असेल तर पुढे पाठवा.

यंदा मी पुढे पाठवलं नाही. उलट लिहिलं, की हे नाक सुश्रुताने नाही, पुण्याजवळच्या एका कुंभाराने जोडलंय. मिनिटाभरात एका काकाजींचं उत्तर आलं: "कुंभार कधीपासून डाक्तर झाला रे बाप्पा?"

माझं भांडण काकाजींशी नाही, या प्रश्नाशी आहे.

हे चित्र ऑक्टोबर १७९४ मध्ये लंडनच्या 'जंटलमन्स मॅगझिन'मध्ये छापून आलं. सोबत एक पत्र होतं, खाली सही फक्त 'बी. एल.' पत्रातला रुग्ण कावसजी. जातीने मराठा शेतकरी, इंग्रज फौजेत बैल हाकणारा. १७९२ च्या लढाईत तो टिपूच्या कैदेत सापडला. त्याचं नाक आणि एक हात कापला गेला. वर्षभर तो बिननाकाचा राहिला. मग पुण्याजवळ विटा पाडणाऱ्या जातीच्या एका माणसाने त्याला नवं नाक लावलं.

पत्रात पद्धतही सांगितली आहे. मेणाचा पातळ पत्रा नाकाच्या खुंटावर बसवून नाकाचा आकार घ्यायचा. तो सपाट करून कपाळावर ठेवायचा, कडेने रेघ मारायची आणि तेवढी कातडी सोडवायची. पण दोन डोळ्यांच्या मधली चिंचोळी पट्टी तोडायची नाही, कारण रक्त तिथूनच येतं. कातडी अर्धी पिळून खाली आणायची, कडा चिरेत बसवायच्या. वरून काथ लावलेल्या कापडाच्या पट्ट्या. चार दिवसांनी तुपात भिजवलेलं कापड. पंचविसाव्या दिवसाच्या सुमारास ती पट्टी कापायची. काथ आणि तूप, दोन्ही घरात सापडणाऱ्या वस्तू.

आता नावं मोजा. रुग्णाचं नाव आहे. असं ऑपरेशन पाहणाऱ्या मुंबई इलाख्यातल्या दोन इंग्रज डॉक्टरांची नावं आहेत. चित्र काढणाऱ्या जेम्स वेल्सचं नाव आपल्याला माहीत आहे. हे वर्णन वाचून १८१४ मध्ये लंडनमध्ये तसंच ऑपरेशन करणाऱ्या जोसेफ कार्प्यूने १८१६ मध्ये त्यावर पुस्तक लिहिलं. त्याचंही नाव इतिहासात आहे. नाव नाही ते फक्त ज्याने नाक जोडलं त्याचं.

इंग्रजांनी निदान त्याची जात लिहिली. आपण तीही पुसली आणि त्या जागी सुश्रुताचं नाव चिकटवलं.

सुश्रुत मोठाच. पण त्याच्या संहितेत नाकासाठी गालाची कातडी घ्यायला सांगितली आहे. पुण्यात ती कपाळावरून घेतली. म्हणजे हा पोथीचा नुसता कित्ता नव्हता. कुणीतरी कधीतरी कपाळ निवडलं, करून पाहिलं आणि पुढच्याला शिकवलं. कुणी म्हणेल, मूळ विद्या सुश्रुताचीच, ती हातोहात कुंभारापर्यंत आली. असेलही. मग ते हात कुणाचे होते, ते सांगा की! आपल्याला पोथी हवी असते, हात नको असतात.

रिचर्ड बार्नेट या इंग्रज इतिहासकाराची 'द सिक रोझ' (२०१४) आणि 'क्रुशियल इंटरव्हेन्शन्स' (२०१५) ही पुस्तकं जुन्या वैद्यकीय चित्रांनी भरलेली आहेत. आजारी चेहरे, चिरलेली शरीरं, हत्यारं. सामान्य वाचकही ती विकत घेतो. नुसती चित्रं बघितली तर ती मोबाइलवरच्या किळसवाण्या रीलसारखीच. पण सोबतचा मजकूर वाचला की प्रश्न पडतो: हे शरीर कुणाचं, चाकू कुणाचा, आणि चित्र कुणाच्या खिशातल्या पैशाने निघालं? असं सचित्र, गोष्टीसारखं वाचता येणारं आपल्या वैद्यकाच्या इतिहासाचं पुस्तक मराठीत माझ्या हाती आजवर पडलेलं नाही. आपल्याकडे महापुरुषांची चरित्रं निघतात आणि फॉरवर्ड फिरतात. सुईण, हाड बसवणारा, नाक जोडणारा कुंभार यांना ना चरित्र, ना फॉरवर्ड.

हे फक्त इतिहासाचं दुखणं नाही. कुंभार असलं काही करूच शकत नाही, असं ज्यांना आज वाटतं, ते उद्या वीटभट्टीवरच्या पोरीने नीटचा फॉर्म भरला की हसतील. काकाजींचा प्रश्न १७९४ बद्दल नव्हताच.

म्हणून विनंती एवढीच. ते चित्र तुमच्या ग्रुपवर येईलच. डिलीट करू नका, पुढे पाठवा. फक्त खालचा मजकूर बदला: "पुण्याजवळच्या एका कुंभाराने जोडलेलं नाक. त्याचं नाव कुणी लिहून ठेवलं नाही."

मी तसं पाठवलं. काकाजींनी वाचल्याच्या दोन निळ्या खुणा दिसताहेत. उत्तर अजून नाही.