सरहद कोठे आहे? : कालप्रदेशाच्या समीक्षेतील एक गफलत

मराठी विज्ञानकथेविषयी लिहिताना आपल्या समीक्षेने एक सोयीची वाटणी करून ठेवली आहे. कथेतील काळ पदार्थविज्ञानाच्या हवाली करावयाचा आणि स्थळ 'वातावरणनिर्मिती' या सदरात टाकून मोकळे व्हावयाचे. ही वाटणी किती महाग पडते, हे जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेविषयीच्या नेहमीच्या चर्चेवरून कळते. पुंजयामिकी, कॅटॅस्ट्रॉफी सिद्धान्त, विश्वासरावांच्या कानाजवळून निसटलेली गोळी यांवर आपण भरभरून बोलतो. परंतु ज्या कथेत बदललेला इतिहास गाडीच्या खिडकीतून दिसणारी भूमी होऊन अवतरतो, त्या भूमीचा नकाशा मात्र कोणी उलगडून पाहत नाही.

येथे बाख्तिनचे नाव निघणार, हे उघड आहे. १९३७-३८ मध्ये लिहिलेल्या त्याच्या निबंधातील 'क्रोनोटोप' ही संकल्पना १९८१ च्या इंग्रजी अनुवादानंतर आपल्या विद्यापीठांत पोहोचली, आणि 'स्थलकाल' हा शब्द प्रबंधांतून मुक्तहस्ताने वापरला जाऊ लागला. या शब्दाला माझा आक्षेप नाही. आक्षेप आहे तो त्याच्या शोभिवंत वापराला. मराठीच्या 'अवकाश' या साध्या शब्दात जागा आणि सवड हे दोन्ही अर्थ पूर्वीपासून नांदत आहेत. ज्या भाषेत हा शब्द रोजचा आहे, तिच्या समीक्षकाला काळ भूमीवर वाचण्यासाठी परकीय परवान्याची गरज पडू नये.

आता कथेकडे वळू. 'द अ‍ॅडव्हेंचर' या तिच्या इंग्रजी रूपात पुण्याहून सुटलेली जिजामाता एक्सप्रेस कल्याण मागे टाकते, लांब बोगदा ओलांडते आणि 'सरहद' नावाच्या लहान स्थानकावर थांबते. तेथे परवाने तपासले जातात, कारण ब्रिटिश राज्य तेथून सुरू होते. पुढे उपनगरी गाड्यांचे निळे डबे दिसतात. त्यांच्यावर ग्रेटर बॉम्बे मेट्रोपॉलिटन रेल्वेची आद्याक्षरे आणि चिमुकला युनियन जॅक असतो. गाडी थांबते ती थेट व्हिक्टोरिया टर्मिनसला. कल्याणनंतरचा बोगदा म्हणजे पारसिकचा, असे मानावयाचे तर ठाणे, मुलुंड, भांडुप, घाटकोपर ही सारी भूमी इंग्रजांची ठरते.

ती इंग्रजांची कशी झाली? पानिपताच्या वर्षी, म्हणजे १७६१ मध्ये, साष्टी बेट मराठ्यांकडे होते. १७३७ च्या मोहिमेत ते पोर्तुगिजांकडून घेतले गेले होते. म्हणजे आजची अंधेरी, बोरिवली, मुलुंड आणि घाटकोपर पेशव्यांच्या अमलाखाली होती. इंग्रजांची हद्द माहीम-शीव येथे संपत होती. इंग्रजांनी ठाण्याचा किल्ला घेतला तो डिसेंबर १७७४ मध्ये. नारायणरावाचा खून आणि राघोबाने मांडलेला कलह यांतून त्यांना ही संधी मिळाली, आणि १७८२ च्या सालबाईच्या तहाने साष्टीवरील त्यांचा ताबा कायम झाला. कथेत मात्र विश्वासराव जगतो आणि दादासाहेब राजकारणातून बाजूला पडतात. म्हणजे ज्या कारणाने साष्टी गेली, ते कारण कथेनेच काढून टाकले आहे. कारण काढले, कार्य मात्र ठेवले.

यावर दोन उत्तरे संभवतात. पहिले असे की, ललित कृतीकडे नकाशाची अचूकता मागणे हा पंडिती हट्ट आहे. परंतु ही कसोटी माझी नाही, कथेचीच आहे. तिचा नायक इतिहासाचा प्राध्यापक आहे. तो ग्रंथालयात बसून घटना नेमकी कोठे वळली हे शोधतो. एक दुवा बदलून बाकीचे तर्काने मिळवावयाचे, हाच तिचा करार आहे. दुसरे उत्तर अधिक वजनदार आहे. कथेत मुंबई १९०८ च्या तहान्वये २००१ पर्यंत भाडेपट्ट्याने इंग्रजांकडे आहे. त्या पट्ट्यात साष्टीही आली असेल. असेल! पण मग विजयी सत्तेने आपण जिंकलेले बेट परक्याला का दिले, हा त्या कथाविश्वातील सर्वांत मोठा राजकीय प्रश्न ठरतो, आणि त्याविषयी कथा मौन बाळगते. तिने १७६१ बदलले. परंतु उपनगरांना बृहन्मुंबईत आणणारी १९५० आणि १९५७ ही वर्षे तिच्या नकाशात नकळत तशीच राहिली.

वस्तुतः सरहद्दीचे स्थानक कल्पिण्याची गरजच नव्हती. ते त्याच लोहमार्गावर आहे. त्याचे नाव शीव. आणि शीव म्हणजे सीमा. जिजामाता एक्सप्रेस ज्या ठिकाणी थांबावयास हवी होती, तेथून ती न थांबता धावत गेली.

नारळीकरांचे श्रेय याने उणे होत नाही. इतिहासाला भूमीचे रूप देण्याचे धाडस त्यांनी केले, म्हणून तर ही चूक दिसू शकली. दोष आहे तो उपनगराला भूतकाळच नाही, असे गृहीत धरणाऱ्या आपल्या वाचनाचा. बोरिवलीच्या मंडपेश्वर लेण्याकडे पाहावे. शैव लेणे, पोर्तुगिजांनी त्याचे केलेले चर्च, वर बांधलेल्या मठाचे आजचे भग्न अवशेष आणि खाली पुन्हा सुरू असलेली शिवाची पूजा. सत्तांतरे येथे एकावर एक रचलेली आहेत आणि जिन्याने चढून पाहता येतात. त्याच परिसरातून रोज लोकलने महाविद्यालयात येणारा विद्यार्थी 'स्थलकाल' या संज्ञेची व्याख्या पाठ करतो. त्याची उदाहरणे मात्र रशियन आणि फ्रेंच कादंबरीतून येतात. आपण त्याला संज्ञा देतो आणि तो उभा असलेली जमीन काढून घेतो.

काळ हा प्रदेश आहे असे म्हणणाऱ्याने त्या प्रदेशात उतरले पाहिजे. आपली समीक्षा अजून जलद गाडीतच बसली आहे.