दुखावलेला गुडघा आणि परतीची वाट

गुडघ्याची शस्त्रक्रिया झालेल्या आजींना घेऊन येणारी मंडळी हमखास विचारतात, "डॉक्टर, आता पूर्ण विश्रांतीच ना?" अशा वेळी मला आयर्लंडमधील एका खेळाडूची आठवण होते.

कोलम कूपर हा केरी परगण्यातील किलार्नी गावचा. गेलिक फुटबॉल या तिथल्या खेळात प्रत्येक संघात पंधरा खेळाडू असतात. चेंडू हातानेही हाताळता येतो. जाळ्यात गेलेल्या चेंडूला तीन गुण, आडव्या दांडीवरून गेलेल्याला कूपरच्या काळी एक. अंगाने सडपातळ असलेला हा आघाडीचा खेळाडू २००२ साली केरीकडून खेळू लागला आणि २००४ साली देशातील सर्वोत्तम फुटबॉलपटू ठरला. ‘ऑल स्टार’ हा मानाचा पुरस्कार त्याला आठ वेळा लाभला. या खेळात पगार नसतो. कूपर बँकेत नोकरी करून खेळत असे.

फेब्रुवारी २०१४ मध्ये आपल्या डॉक्टर क्रोक्स या क्लबकडून खेळताना त्याच्या गुडघ्यातील क्रूसिएट अस्थिबंध तुटला. वय तिशीचे. त्याच वर्षी केरीने अखिल आयर्लंड अजिंक्यपद जिंकले, पण अंतिम सामन्यात तो मैदानात उतरला नाही. पुढच्या वर्षी तो परतला. १७ मार्च २०१७ रोजी डब्लिनच्या क्रोक पार्कवर त्याच्या क्लबने अखिल आयर्लंड क्लब अजिंक्यपद पटकावले. त्या सामन्यात कूपरने गोलही केला. पुढच्याच महिन्यात त्याने केरी संघातून निवृत्ती घेतली.

तरुण खेळाडूचा तुटलेला अस्थिबंध आणि आजींचा झिजलेला सांधा या भिन्न गोष्टी आहेत. परंतु एक नियम दोघांनाही लागू पडतो. गुडघा दुखावला की मांडीचा पुढचा स्नायू झपाट्याने रोडावतो, आणि चालताना गुडघ्याला आधार देण्याचे काम मुख्यत्वे त्याचेच असते. शस्त्रक्रिया सांधा दुरुस्त करील. स्नायूचे बळ मात्र व्यायामानेच परत मिळवावे लागते.

म्हणून आपल्या शल्यविशारदांच्या व फिजिओथेरपिस्टच्या संमतीने साधा व्यायाम करावा. खुर्चीत ताठ बसावे, एक पाय गुडघ्यात सरळ करावा, पाच अंक मोजावेत, सावकाश खाली आणावा. प्रत्येक पायाने दहा वेळा. सांधा अचानक सुजला, पोटरी दुखू लागली वा ताप आला, तर थांबून डॉक्टरांना दाखवावे. श्वास लागला किंवा छातीत दुखले, तर क्षणाचाही विलंब न करता रुग्णालय गाठावे.

आणि शुश्रूषा करणाऱ्यांना एक विनंती. प्रेमापोटी पाण्याचा प्रत्येक पेला हातात नेऊन देऊ नका. शेजारी उभे राहा, हात तयार ठेवा. पण दोन पावले त्यांची त्यांना टाकू द्या. जो पाय चालतच नाही, तो हळूहळू चालणे विसरतो.