परवान्याची बंदूक आणि घरातली भिंत



कपाशीच्या आणि ज्वारीच्या मुलखातले कार्यकर्ते बैठकीसाठी आळंदीला येतात, तेव्हा चाकणपासून रस्त्याच्या दोन्ही बाजूंना कारखाने, गोदामे आणि प्लॉट विक्रीच्या पाट्या लागतात. ज्या रानात ज्वारी-बाजरी होत होती त्याचा भाव आता गुंठ्यावर सांगतात. या पट्ट्यात पैसा आला, पैशाबरोबर भाऊबंदकीचे आणि दलालीचे तंटे आले, आणि तंट्यांबरोबर कमरेला पिस्तूल आले. कुणाला त्याची खरोखर गरज असेल. पुष्कळांना ते वरातीत मिरवायला लागते. (लोकांचा जीव धोक्यात घालून वरातीत बार काढणाऱ्याला २०१९ च्या कायदादुरुस्तीनंतर दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाखापर्यंत दंड, किंवा दोन्हीही होऊ शकतात. मिरवणाऱ्यांनी हे जाणून असावे.)

आपली बंदूक वेगळी. ती ठासणीची असते, नाहीतर एकनळी, दुनळी काडतुसाची. ज्वारी हुरड्यात आली की रानडुकराचा कळप एका रात्रीत सरी लोळवतो, रोही कपाशीचे शेंडे खुडतात, आणि जागलीला बसलेल्या माणसाकडे बॅटरी, डबा आणि घसा एवढीच हत्यारे असतात. कोरडवाहू मुलखात ज्वारीचा पेरा का घटला याची कारणे पुष्कळ आहेत. भाव हे त्यातले पहिले आणि रानडुक्कर काही शेवटचे नाही. म्हणून शेतीसंरक्षणाच्या बंदुकीचा परवाना सुलभ मिळावा ही मागणी जिल्ह्याजिल्ह्यातून येते आणि आमचा तिला पाठिंबा आहे. ही काही मेहेरबानीची मागणी नाही. १९५९ च्या शस्त्र कायद्याच्या १३ व्या कलमातच लिहिले आहे की प्रामाणिकपणे पीकसंरक्षणासाठी ठासणीची बंदूक हवी असेल, तर परवाना दिला जाईल. कायदा ‘दिला जाईल’ म्हणतो, कचेरी ‘बघू’ म्हणते. १८७८ साली इंग्रजांनी हत्यारबंदी केली ती रयतेवर विश्वास नव्हता म्हणून. इंग्रज गेले, अविश्वास टेबलावरच राहिला.

पण आज लिहायचे आहे ते परवाना मिळाल्यानंतरचे. बंदूक घरी आली, ती ठेवायची कुठे? या प्रश्नावर आपल्या बैठकांत आम्ही कधी पाच मिनिटेही बोललेलो नाही. दोष आमचाही आहे.

कापूस पट्ट्यातल्या एका दौऱ्यात आम्ही एका जुन्या कार्यकर्त्याकडे मुक्कामाला होतो. ओसरीवर खाट टाकलेली, वर भिंतीत दोन खुंट्या, खुंट्यांवर ठासणीची बंदूक. त्याच खुंटीला नातवाचे शाळेचे दप्तर अडकवलेले. आम्ही सहज विचारले, “भाऊ, रिकामीच आहे ना?” तो म्हणाला, “नाही, काल डुकरांसाठी ठासली, आली नाहीत.” ज्यांनी ही बंदूक हाताळली आहे त्यांना ठाऊक आहे की ठासलेला बार सहजासहजी काढता येत नाही, तो उडवावाच लागतो. भल्या पहाटे आम्ही दोघे धुऱ्यावर गेलो आणि त्याने बांधाच्या मातीत बार रिकामा केला. परत येताना तो एकच वाक्य बोलला, “दप्तर रोज पोरगाच काढतो.” त्या रात्री आम्हांला झोप लागली नव्हती. त्याला लागली होती, कारण वीस वर्षे ती तिथेच लटकत होती.

दुसरी हकीकत थोडक्यात. एका परवानाधारकाचे सगळे घर लग्नाला गेले. बंदूक कपड्यांच्या पत्र्याच्या कपाटात होती. कपाट टिकावाने उघडले गेले आणि बंदूक गेली. चोर सापडला नाही, जबाब मात्र मालकाला द्यावे लागले. परवाना गेला तो गेलाच, आणि त्या गावातून पुढे आलेल्या प्रत्येक अर्जावर त्या चोरीची सावली पडली.

कपड्यांच्या कपाटाचा पत्रा पातळ असतो, कुलूप नावापुरते असते. काडतुसाची बंदूक चार फुटांच्या आसपास लांब, म्हणून मधले कप्पे काढावे लागतात, आणि कप्पे काढले की कपाट आणखीच लुळे पडते. त्यापेक्षा गावच्या वेल्डिंगवाल्याकडून स्वतंत्र पेटी करून घ्यावी: साडेचार फूट उंच, एक फूट रुंद, नऊ इंच खोल, पत्रा तीन मिलिमीटरचा. बिजागऱ्या आतून हव्यात. बाहेर राहिल्या तर छिन्नीने उडतात. दाराची कड चौकटीवर चढलेली हवी, म्हणजे पहार घुसायला फट राहत नाही. कडी-कोयंड्यापेक्षा आतले लिव्हरचे कुलूप बरे. अशा पेटीचे वजन अडतीस-चाळीस किलो भरते. म्हणजे कापसाच्या अर्ध्या क्विंटलाच्या बोजापेक्षाही कमी. दोन गडी ती उचलून बैलगाडीत टाकतील आणि कुलूप सावकाश नदीकाठी फोडतील. न आवळलेली पेटी म्हणजे चोराला बंदूक बांधून दिल्यासारखे आहे. सगळा जीव आवळण्यात आहे, म्हणून भिंतीची गोष्ट जरा सविस्तर सांगतो.

नऊ इंची पक्क्या विटांची भिंत असेल तर काम सोपे. पेटीच्या पाठीला आतून चार भोके, बारा मिलिमीटरचे अँकर बोल्ट (मिस्त्री त्याला फास्नर म्हणतो), विटेच्या मधोमध, सांध्यात नाही. सांध्यातला मसाला भुगा होऊन बोल्ट सुटतो. नट आतच राहतो, म्हणून पेटी उघडल्याशिवाय तो खोलता येत नाही. साडेचार इंची आडभिंत किंवा पोकळ ब्लॉकची भिंत असेल तर तिच्या नादी लागू नये. बोल्ट बसतो, धरत नाही.

आपल्यातल्या निम्म्या लोकांची घरे मात्र मातीची, पांढरीची, वर माळवद किंवा टिन. मातीच्या भिंतीत फास्नर म्हणजे लोण्यात खिळा. तिथे दोन वाटा आहेत. पलीकडची खोली घरातलीच असेल तर बोल्ट आरपार काढावेत आणि पलीकडून सहा इंच रुंदीची लोखंडी पट्टी लावून नट आवळून वेल्डिंगचा टिपका मारावा. भिंतीपलीकडे गल्ली असेल तर हे करू नये, कारण पट्टी बाहेरच्याच्या हाती येते. दुसरी वाट जमिनीची. माजघरात दीड फूट खोल, पेटीपेक्षा चहूबाजूंनी चार बोटे मोठा खड्डा घ्यावा, टोके वाकवलेले चार बोल्ट पेटीच्या बुडाच्या मापाने उभे धरावेत आणि एक-दोन-चार प्रमाणात सिमेंट, वाळू, गिट्टी ओतावी. किमान सात दिवस पाणी द्यावे. घाईने दुसऱ्याच दिवशी पेटी आवळणारे आम्ही पाहिले आहेत. काँक्रीट जमिनीच्या दोन-तीन इंच वर काढावे, म्हणजे सारवणाची ओल पेटीला लागत नाही. पाठही भिंतीला चिकटवू नये. पांढरीची भिंत पावसाळाभर ओल धरते, पत्रा मागून गंजतो आणि गंजलेला पत्रा पायाने फुटतो. सागाच्या खांबाला बोल्ट मारायचा मोह होतो. ज्या खांबावर माळवद आहे त्याला भोके पाडू नयेत.

जागा ओसरीवर नको, रस्त्यावरून दिसेल अशी नको, चुलीजवळ नको. देवघरात ठेवण्याची काही घरांत रीत आहे. दसऱ्याला शस्त्राची पूजा जरूर करावी, पण रिकाम्या शस्त्राची, आणि पूजा आटोपली की ते परत पेटीत. आणि जागा ठरवताना घरातल्या बाईला विचारावे. कोण कुठे हात घालते, पोरे कुठे लपतात हे तिला ठाऊक असते.

काडतुसे त्याच पेटीत नकोत. वेगळा डबा, वेगळे कुलूप, वेगळी खोली. ठासणीच्या बंदुकीची काळी दारू आणि टोप्या तर एकमेकांपासूनही दूर ठेवाव्यात. दारू घट्ट लोखंडी पेटीत कोंडू नये. आग लागली तर मोकळी दारू भपकन जळते, कोंडलेली फुटते. लाकडी खोके, कोरडी जागा, हंगामापुरताच साठा. बंदूक मात्र घरात ठासलेली राहताच कामा नये. ठासायची ती शेतात, आणि डुकरे आली नाहीत तर पहाटे बांधात रिकामी करूनच घरी यायचे. एका बाराची दारू वाया जाते. जाऊ द्या.

आता किल्ली. श्रीलंकेत अनुराधापूर जिल्ह्यात १८० गावांतल्या पन्नास हजारांवर घरांत संशोधकांनी एक मोठा प्रयोग केला. काही गावांत कीटकनाशके ठेवायला कुलपाचे डबे घरोघर दिले, काही गावांत दिले नाहीत, आणि विष पिण्याचे प्रकार कमी होतात का ते पाहिले. २०१७ साली निष्कर्ष छापले गेले: फरक पडल्याचा पुरावा नाही. त्याच देशात अति जहाल औषधांवर बंदी आल्यानंतर आत्महत्या फार मोठ्या प्रमाणात घटल्या होत्या. डब्याने मात्र ते साधले नाही. शेतीशास्त्र शिकलेल्या आम्हां लोकांना डबा, पंप, मात्रा यांवर फार भरवसा असतो, म्हणून हा निष्कर्ष आम्हांला बरेच दिवस बोचत राहिला. आमचा अर्थ असा की कुलूप असून किल्ली दाराच्या खिळ्याला असेल, तर कुलूप नसल्यातच जमा. बंदुकीच्या पेटीची किल्ली उशाखाली नको, दिव्याच्या कोनाड्यात नको, डाळीच्या डब्यातही नको. पोरांना तो डबा आपल्याआधी माहीत असतो. आपले वडील तिजोरीची किल्ली कडदोऱ्याला बांधत. ती रीत गावंढळ नव्हती. परवाना ज्याच्या नावावर, किल्ली त्याच्या अंगावर.

आणि एक गोष्ट, जी बोलायला जड जाते. किल्ली अंगावर असलेला माणूसच खचलेला असेल तर? नापिकीची साले, बँकेची नोटीस, मुलीचे लग्न, हे सगळे आपल्या घरांत घडते आणि त्याचा शेवट कुठे झाला हे आपण सरणाजवळ उभे राहून पाहिले आहे. अशा वेळी पेटी कितीही पक्की असली तरी उपयोग नाही. त्या काळापुरती बंदूक घरात नसणे हाच उपाय. परवानाधारक शस्त्रविक्रेत्याकडे ती सुरक्षित ताब्यात ठेवता येते. पावती घ्यावी आणि दिवस पालटले की परत आणावी. यात कमीपणा नाही. घरच्या बाईने, भावाने, शेजाऱ्याने न लाजता म्हणावे, “यंदा बंदूक जमा करून येऊ या.” सोबत जावे, वाटेत चहा प्यावा, बोलते करावे. जे बंदुकीचे तेच फवारणीच्या औषधाचे. २०१७ साली यवतमाळात फवारणीनेच माणसे मेली हे आपण विसरलेलो नाही. ती बाटली अजूनही बहुतेक घरांत आढ्याला खोचलेली असते. तिच्यासाठी कुणी परवाना मागत नाही, म्हणून कुणी पेटीही मागत नाही.

काही मित्र विचारतात, सरकार परवाना देत नाही आणि तुम्ही आम्हांलाच शिस्त शिकवता? २०१६ च्या शस्त्र नियमांनुसार परवाना मागताना शस्त्र सुरक्षित ठेवण्याची लेखी हमी द्यावी लागते. आपण ती न वाचता सही करून देतो. एखादे दिवशी कचेरीतला माणूस येऊन विचारील, “पेटी दाखवा.” दाखवता आली तर पुढचे भांडण आपण ताठ मानेने करू. ते करायचे आहेच. २०२४ च्या विधानसभा निवडणुकीची आचारसंहिता १५ ऑक्टोबरला लागली, मतदान २० नोव्हेंबरला झाले. नेमकी तेव्हा खरिपाची ज्वारी काढणीला आणि कापूस फुटलेला. छाननी समितीने माणूस पाहून शस्त्र जमा करायचे की नाही ते ठरवावे असे अपेक्षित आहे. गावात निरोप येतो तो सरसकट. ज्याच्यावर गुन्हा नाही आणि ज्याची बंदूक भिंतीला आवळलेली आहे त्याच्याकडून ऐन पिकात ती का काढून घ्यायची, हा प्रश्न आम्ही जिल्हाधिकाऱ्यांपुढे मांडणार आहोत. (आळंदी-चाकणकडे हा विषय २०१८ पासून पिंपरी-चिंचवडच्या पोलीस आयुक्तांकडे जातो. इकडच्यांनी निवेदन तिकडे द्यावे.) परवाना म्हणजे डुक्कर मारण्याची मोकळीक नव्हे, हेही ध्यानात असू द्यावे. वन्यजीव कायद्याच्या ११ व्या कलमाखाली वनखात्याची परवानगी वेगळी लागते. ती वेळेवर का मिळत नाही यावर पुढच्या अंकात लिहू.

बैठकीला येताना ज्यांच्याकडे परवाना आहे त्यांनी घराच्या भिंतीची जाडी मोजून आणावी आणि ती विटांची, दगडाची की मातीची ते लिहून आणावे. दोन गवंडी आणि एक वेल्डिंगवाला कार्यकर्ता दुपारच्या जेवणानंतर मंडपाच्या मागे बसतील. मातीच्या घरांचे काँक्रीट मृगाच्या आत ओतून झाले पाहिजे, म्हणून त्यांची मापे आधी घेतली जातील.