हुकूमनाम्यानंतरची दिरंगाई

दिवाणी दाव्यात हक्क ठरवणारा हुकूमनामा मिळाला तरी जमिनीचा ताबा आपोआप मिळत नाही. त्यासाठी ‘दरखास्त’, म्हणजे अंमलबजावणीचा वेगळा अर्ज, करावा लागतो आणि हिंगोली जिल्ह्याच्या सेनगाव तालुक्यातील पुसेगावसारख्या गावच्या शेतकऱ्याची खरी दमछाक तेथेच होते. अशा दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढाव्यात, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये बजावले होते. मार्च २०२५ मध्ये पेरियम्मल प्रकरणात त्याने सर्व उच्च न्यायालयांकडून माहिती मागवली, तेव्हा देशभरात ८.८२ लाखांहून अधिक दरखास्ती प्रलंबित आढळल्या आणि त्यांपैकी सुमारे ३.४१ लाख, ही लाज वाटावी अशी संख्या, मुंबई उच्च न्यायालयाच्या अधिकारक्षेत्रातील होती. संविधानाच्या अनुच्छेद २२७ नुसार कनिष्ठ न्यायालयांवरील देखरेख उच्च न्यायालयाकडे असल्याने त्याच्या औरंगाबाद खंडपीठाने हिंगोलीतील दरखास्तींचा तालुकानिहाय आढावा दर तीन महिन्यांनी घ्यावा.