सोनेरी विग आता पुरे

आपल्या मंडळांच्या गणेशोत्सवात एक प्रहसन काही केल्या मरत नाही. मुलगा अमेरिकन मुलीशी लग्न करतो, नवी सून 'नमास्काऽर' म्हणते, नऊवारीत अडखळते, पुरणपोळीला टॉर्टिया समजते आणि सभागृह हसून लोळतं. मला हा शुद्ध आळस वाटतो.

"मग काय, मिश्र लग्नावर विनोदच करायचा नाही?" जरूर करा. पण आधी जेरी स्टिलर आणि ॲन मिअरा यांचं जुनं काम बघा. 'साइनफेल्ड'मधले फ्रँक कोस्टान्झा म्हणून आपण ओळखतो, तेच हे जेरी. ते न्यूयॉर्कचे बुटके ज्यू, ॲन त्यांच्याहून उंच, आयरिश कॅथलिक घरातल्या. १९५४ मध्ये लग्न केलं आणि साठच्या दशकात ही जोडी सीबीएसवर रविवारी रात्री लागणाऱ्या 'एड सुलिव्हन शो'मध्ये दिसू लागली. गायक, कसरतपटू आणि बाहुल्यांच्या खेळांमध्ये मिळतील तेवढी मिनिटं घेऊन ते तिथे ३६ वेळा उभे राहिले. खुद्द सुलिव्हन आयरिश कॅथलिक आणि त्यांची बायको ज्यू होती.

त्यांची गाजलेली पात्रं म्हणजे हर्शी हॉरोविट्झ आणि मेरी एलिझाबेथ डॉयल. संगणकाने जुळवलेली जोडी. बोलता बोलता कळतं की दोघं एकाच रस्त्यावर राहतात, पण एकाच्या ओळखीचा एकही माणूस दुसऱ्याला ठाऊक नाही! हसू येतं ते शेजारी राहून एकमेकांचं तोंड न पाहणाऱ्या दोन समाजांचं. शिवाय दोघंही मंचावर, दोघांच्या तोंडी बरोबरीची वाक्यं.

आपल्याकडे प्रहसन लिहिणारा मराठी, सोनेरी विग घालून सून होणारी मराठी, हसणारे मराठी. खरी सून चौथ्या रांगेत, मांडीवर लेकरू घेऊन बसलेली. तिला शब्द कळत नाहीत, पण आपल्याला हसताहेत एवढं नक्की कळतं. लेकराला शब्दही कळतात. तेच मूल पंधराव्या वर्षी मंडळात यायला नाही म्हणतं आणि आपण 'पुढची पिढी मराठीपासून का तुटली?' यावर परिसंवाद भरवतो.

"अहो, गंमत आहे, मनावर काय घेता?" पु. लं.नी 'असा मी असामी'मध्ये धोंडो भिकाजी जोशी स्वतःवर हसतो, म्हणून आपण त्याच्याबरोबर हसतो. गंमत तिला म्हणतात.

यंदा अशा एखाद्या जोडप्याला पंधरा मिनिटं द्या. संहिता त्यांनाच लिहू द्या. त्यांनी सासूबाईंच्या इंग्रजीवर, आपल्या तासभर उशिरा सुरू होणाऱ्या कार्यक्रमावर, लग्नाआधी आपण विचारलेल्या प्रश्नांवर विनोद केले, तर मोकळेपणाने हसा. तेवढं धाडस नसेल, तर निदान तो विग कपाटातून बाहेर काढू नका.